तिसऱ्या पायरीवरची अर्लीन

झेल्मा गॅस्किन्स त्या शनिवारी चर्चच्या तळघरात गेली ती फक्त तळलेल्या माशासाठी, असं ती स्वतःला बजावत होती. खरं कारण वेगळं होतं. तिच्या घराच्या भिंतीवर काय रंगवायचं ते सगळी ओपल स्ट्रीट मिळून ठरवणार होती. आपल्या भिंतीचं लग्न आपल्याला न विचारता लागतंय हे कळल्यावर कुठली बाई घरात बसेल?

उत्तर फिलाडेल्फियात हे काही नवं नाही. विटांची घरं एकाला एक चिकटलेली. त्यातलं एखादं पाडलं की शेजारच्या घराची कूस उघडी पडते. मग शहराच्या भित्तिचित्रांच्या खात्यातून कुणी चित्रकार येतो, बैठक भरते, आणि ज्यांनी जन्मात कुंपणालासुद्धा रंग दिलेला नाही ते चित्रकला शिकवायला उभे राहतात. शहरात संगमरवरी पायऱ्यांचं मोठं म्युझियम आहे. तिथं ओपल स्ट्रीटवरचं कुणी जात नाही आणि तिथल्या चित्रांबद्दल कुणाला काही म्हणायचंही नसतं. गल्लीतल्या भिंतीचं मात्र तसं नाही. ती सकाळी दार उघडलं की समोर. तिच्याबद्दल ज्याला मत नाही तो माणूसच नव्हे.

चित्रकार होती इराइदा कोलोन, चार गल्ल्या सोडून पोर्तो रिकन वस्तीत वाढलेली, तिशीतली, नखांत कायम निळा रंग. तिनं कागद उलगडला. मोठमोठी वर्तुळं, एकमेकांत शिरलेली, लाल, जांभळी, पिवळी.

मग मागून एक म्हातारी म्हणाली, "बाळ, हे काय आहे?"

"ही तुमच्या गल्लीतली ऊर्जा आहे."

"असं होय. मला वाटलं माझ्या पोटाचा एक्स-रे तुझ्या हाती कसा लागला."

तळघर हसून हसून फुटायची वेळ आली. पण पोरगी चिवट. तीही हसली, कागद गुंडाळून ठेवला आणि म्हणाली, "बरं, मग तुम्ही सांगा." झालं! धरणाचं दारच उघडलं. पाद्रीबाबांना येशू हवा होता. न्हाव्याला बास्केटबॉलचा खेळाडू हवा होता. सैन्यातून निवृत्त झालेल्या एकाला गरुड हवा होता, पंख पसरलेला. कुणीतरी धबधबा म्हणालं, तेव्हा झेल्मा पहिल्यांदा तोंड उघडून बोलली, "धबधबा बघायचाय? पाऊस पडला की माझ्या बेडरूममध्ये या. बादली धरून बसते मी."

एवढ्यात रूफस टिलमन उठला. रूफस म्हणजे बस चालवून निवृत्त झालेला, हत्तीसारखा संथ माणूस. हिवाळ्यापासून गल्लीचा ब्लॉक कॅप्टन तोच होता. त्यानं टोपी काढली नि एकच शब्द बोलला.

"अर्लीन."

मग एक हात वर गेला, दुसरा गेला, आणि बघता बघता सगळे. पाद्रीबाबांचासुद्धा. येशूला मागं टाकलं की हो अर्लीननं!

एक हात तेवढा खाली होता. झेल्मा उठली, माशाची कागदी बशी जागेवरच ठेवली, आणि म्हणाली, "भिंत माझी आहे. तिच्यावर माझी बहीण चढणार असेल तर माझ्या मुडद्यावरून." आणि जिना चढून निघून गेली.

*

आता तुम्ही म्हणाल, सख्खी बहीण, तीही मेलेली, तिच्यावर एवढा राग? तर ऐका.

झेल्माच्या घराला लागून जे घर होतं ते या दोघींच्या आईचं. दोघी तिथंच वाढल्या. पुढं झेल्मानं शेजारचंच घर घेतलं, तर थोरल्या अर्लीननं आईच्या घरासमोरचं, रस्त्यापलीकडं. आई गेली नि घर रिकामं पडलं. विकायचं झेल्माच्या मनात नव्हतं, दुरुस्त करायची ऐपत दोघींचीही नव्हती. रिकाम्या घराचं जे होतं ते झालं. मागच्या दारानं नशेची पोरं आत शिरायला लागली. एका थंडीत त्यांनी आईच्या स्वयंपाकघरात शेकोटी पेटवली आणि ओटा काळा झाला.

अर्लीन तेव्हा ब्लॉक कॅप्टन होती. ब्लॉक कॅप्टन म्हणजे गल्लीची आई, सासू आणि फौजदार, तिन्ही एकात. कचऱ्याच्या दिवशी पिंप कुणाचं पुढं आलं नाही, दिवा कुठला गेला, कुणाच्या दारातलं बर्फ तसंच आहे, सगळं हिला पाठ. उंची जेमतेम पाच फूट, पण आवाज असा की वळणावरची बस थांबायची. तिनं झेल्माला न विचारता शहराच्या कचेरीत फोन केला. एका सकाळी झेल्मा कॉफी पीत असताना तिची भिंत थरथरली. बाहेर येऊन पाहते तर यंत्राचा लोखंडी दात आईच्या छपरात घुसलेला, आणि रस्त्यापलीकडं अर्लीन हाताची घडी घालून उभी.

झेल्मा तिला त्या दिवशी काय काय बोलली ते इथं सांगण्यासारखं नाही. त्यानंतर मात्र एक शब्द बोलली नाही. आठ वर्षं! चर्चमध्ये एक डाव्या बाकांवर, एक उजव्या. बाजारात समोरासमोर आल्या तर झेल्मा टोमॅटो निरखत बसायची. गल्लीनं समजावून पाहिलं आणि नाद सोडला. सुंभ जळेल पण पीळ जाणार नाही, दोघींचाही.

मागच्या हिवाळ्यात अर्लीन झोपेतच गेली. झेल्मा अंत्यविधीला गेली, काळी टोपी घालून गेली, शेवटच्या बाकावर बसली. शवपेटी उघडी होती. सगळी गल्ली रांगेनं जाऊन बघून आली. झेल्मा उठली नाही. सख्ख्या बहिणीचं शेवटचं तोंडसुद्धा तिनं पाहिलं नाही, आणि हे गल्लीनं पाहिलं.

पण रागाचं खरं मूळ अजून पुढंच आहे. घर पाडलं तरी ते पूर्ण गेलं नव्हतं. त्याच्या विटा तळघरातच लोटून वर माती टाकली, जमीन सपाट केली. झेल्माच्या उघड्या पडलेल्या भिंतीवर मात्र आईचं घर चिकटून राहिलं. वरच्या मजल्यावर आईच्या खोलीचा गुलाबी चौकोन. खाली स्वयंपाकघराचा हिरवा, एका कडेला शेकोटीनं काळवंडलेला. तुळया जिथं भिंतीत शिरत होत्या तिथं भोकांची ओळ. आणि खालून वर तिरकी जाणारी जिन्याची खूण, पायरी न् पायरी करवतीच्या दात्यांसारखी.

घर पाडलं की अशा भिंतीला गिलावा करायचा असतो, नाहीतर पाणी मुरतं. एकदा शहराची माणसं गिलावा करायला आलीही होती. झेल्मानं त्यांना झाडू दाखवला. ती पळाली ती पुन्हा फिरकली नाहीत, असं झेल्मा अभिमानानं सांगायची. तेव्हापासून भिंत मुरत होती, बादली भरत होती, पण आईचा गुलाबी चौकोन जागेवर होता.

आणि आता काय, तर त्याच गुलाबीवर गिलावा थापायचा आणि वर जिनं घर पाडलं तिचंच तोंड रंगवायचं! तेही दोन मजले उंच!

*

चार दिवसांनी इराइदा आली. झेल्मानं दार उघडलं, पण साखळी काढली नाही.

"मिस झेल्मा, मी भांडायला नाही आले."

"मग चुकीच्या दारात आलीस."

"भिंतीचा गिलावा आमचं खातं करून देईल. तुमची बादली सुटेल."

"माझ्या बादलीला काही होत नाही. तुझ्या चित्रानं जगात कुणाची बादली सुटलीय? भुकेल्याला चित्र, बेकाराला चित्र. वस्ती पडत चाललीय आणि शहर काय करतं, तर तिला रंग फासतं."

"खरं आहे," ती म्हणाली. "माझ्या गल्लीतही आधी चित्र आलं. दवाखाना अजून यायचाय." मग ती भिंतीकडं वळून बघत राहिली. "पण मिस झेल्मा, ह्या भिंतीवर आधीच चित्र आहे. झाकायचं म्हटलं तर मलाच जिवावर येतंय."

साखळीआडून झेल्मानं तिच्याकडं नीट पाहिलं. एवढं शहाणं वाक्य गेल्या आठ वर्षांत कुणी बोललं नव्हतं. तरी तिनं दार लावून घेतलं. नाकावरचा राग, तो असा एका वाक्यानं उतरत नसतो.

दुसऱ्या दिवशी दुपारी रूफस आला. हातात तेलकट कागदात गुंडाळलेलं माशाचं सँडविच.

"त्या दिवशी तुझं खायचं राहिलं," तो म्हणाला.

"लाच आणलीस?"

"हो."

"ये मग."

स्वयंपाकघरात दोघं बसले. झेल्मानं सँडविचचे दोन भाग केले, वर तिखट सॉस ओतला. मग रूफस म्हणाला, "गल्लीला तिचं तोंड हवंय, झेल्मा. तिनं आम्हाला माणसात ठेवलं. मी दारू सोडली ती तिच्या भीतीनं."

"ठेवा की मग. तुझ्या भिंतीवर काढा."

"माझ्या दोन्ही बाजूंना घरं आहेत."

"माझ्याही होतं!" झेल्मानं टेबलावर हात आपटला. "एका बाजूला माझ्या आईचं घर होतं, आणि ते तिनं पाडलं. आता जेवढं उरलंय तेवढं मी राखलंय, एकटीनं. गिलाव्याची माणसं आली तर झाडू घेऊन उभी राहिले मी. आहे गल्लीत कुणाची हिंमत?"

रूफसचा घास तोंडाशीच थांबला. त्यानं तो खाली ठेवला, बोटं पुसली.

"झेल्मा, तुला खरंच वाटतं ती माणसं तुझ्या झाडूला घाबरून गेली?"

"मग?"

"शहराची माणसं आहेत ती. त्यांच्यावर पिस्तुलं रोखली जातात. झाडू?" तो मान हलवत राहिला. "दर वसंतात कचेरीतून ब्लॉक कॅप्टनला फोन येतो, कुठल्या भिंती राहिल्यात म्हणून. अर्लीन सगळ्या सांगायची. तुझं नाव आलं की म्हणायची, त्या भिंतीला हात लावायचा नाही. का, विचारलं तर म्हणायची, मी सांगते म्हणून. या वर्षी फोन मला आला. पलीकडची बाई काय म्हणाली माहितीय? म्हणाली, ती भिंत नको वाटतं, तिथं एक भांडखोर म्हातारी आहे."

"मी?"

"नाही गं. अर्लीन."

झेल्माला आधी एवढंच सुचलं, "म्हणजे माझी बेडरूम आठ वर्षं गळतेय ती तिच्यामुळं?"

"दोघींमुळं," रूफस म्हणाला. "निम्मी निम्मी."

"मग घर का पाडलं तिनं? एवढं होतं तर का पाडलं?"

"मी विचारलं होतं. शेकोटीनंतर ती रात्र रात्र झोपत नव्हती. खिडकीत बसून धूर दिसतो का बघायची. तू तर पलीकडं घोरत पडलेली असायचीस, त्या घरात नि तुझ्यात मधे एक वीट. ती म्हणाली, रूफस, आईचं घर राखू की आईची पोरगी?"

"मला सांगायचं ना मग!"

"तू ऐकलं असतंस?"

झेल्मानं ऐकलं नसतं. ती घराला मिठी मारून बसली असती आणि यंत्राला म्हणाली असती, घाल दात. हे तिला माहीत होतं, रूफसला माहीत होतं आणि अर्लीनला तर सगळ्यांत जास्त माहीत होतं.

*

रूफस गेल्यावर झेल्मानं टेबल पुसलं. पुसलेलं पुन्हा पुसलं. मग कोट चढवला आणि आठ वर्षांत जे केलं नव्हतं ते केलं. रस्ता ओलांडून समोर गेली.

अर्लीनचं घर बंद होतं. दाराबाहेर तिची घडीची खुर्ची मात्र अजून होती, हिरव्या-पांढऱ्या पट्ट्यांची, कठड्याला साखळीनं बांधलेली. अर्लीनचा विश्वास देवावर होता, शेजाऱ्यांवर नव्हता. उन्हाळा असो की पानगळ, रोज संध्याकाळी ती या खुर्चीत बसायची, तोंड थेट झेल्माच्या घराकडं. झेल्मा पडद्याआडून बघून चरफडायची. 'बसलीय पहारेकरीण. डिवचायला बसते मला.'

झेल्मानं खुर्ची उघडली. करकरली, पण धरली. ती बसली आणि मान वर केली.

आणि समोर आईचं घर उभं होतं.

भिंतीखाली जाऊन पाहिलं की डागच दिसायचे, इथं गुलाबी, तिथं हिरवं, पोपडे, भोकं. झेल्मानं आठ वर्षं तेवढंच पाहिलं होतं. ती त्या भिंतीच्या आत राहत होती ना! इथून मात्र डाग एकमेकांना लागून बसले. वर आईची खोली, खाली स्वयंपाकघर, आणि मधून जिना. एवढा स्पष्ट, की आता आई कठडा धरून उतरेल आणि म्हणेल, पोरींनो, दिवे कुणी चालू ठेवले?

तिसऱ्या पायरीवर तिची नजर अडकली. शनिवारी संध्याकाळी, चर्चच्या आदल्या दिवशी, तिथं केस विंचरायचा कार्यक्रम असे. अर्लीन तिसऱ्या पायरीवर, झेल्मा तिच्या पायांशी सगळ्यात खाली, दोन गुडघ्यांत डोकं अडकवून. केसांना चोपडायच्या पोमेडचा वास. अर्लीन अशी वेणी ओढायची की डोळ्यांचे कोपरे ताणले जायचे. हललं की कंगव्याचा टोला. "हळू ओढ गं, अर्लीन!" झेल्मा ओरडायची. "हलू नकोस म्हणजे दुखणार नाही," अर्लीन म्हणायची. पण रविवारी चर्चमध्ये झेल्माच्या वेण्यांसारख्या वेण्या कुणाच्या नसत.

आठ वर्षं ही बाई इथं बसून डिवचत नव्हती. ती आईच्या घरी जात होती, रोज संध्याकाळी. शेजारी दुसरी खुर्ची टाकायला ओट्यावर जागा होती. झेल्मा त्या मोकळ्या जागेकडं बघत राहिली आणि मग, लोक येत-जात असताना, भर रस्त्यावर हमसून हमसून रडली. कुणी जवळ गेलं नाही. ओपल स्ट्रीटला कळतं कुठं जायचं आणि कुठं नाही.

*

पुढच्या बैठकीला झेल्मा सगळ्यांत आधी हजर.

"अर्लीन भिंतीवर येईल," ती म्हणाली. टाळ्या सुरू झाल्या तशी तिनं हात वर केला. "थांबा. माझ्या अटी आहेत. दोन मजली तोंड नको. ती पाच फूट होती, तर पाचच फूट. उगाच जन्मभर मोठं दाखवत होती, आता मेल्यावर तरी खरं दिसू दे. आणि ती बसेल तिसऱ्या पायरीवर. पायरी जिथं आहे तिथंच, आईचं घर जसं आहे तसंच. वर गुलाबी, खाली हिरवं."

"मग येशू?" पाद्रीबाबा.

"आईच्या पलंगाच्या वर तसबीर होती येशूची. तिथं लावा."

"आणि गरुड?"

"स्वयंपाकघरात विमा कंपनीचं कॅलेंडर असायचं. त्यावर गरुड घाल, पाहिजे तेवढे पंख पसर."

"माझा खेळाडू?" न्हावी.

"टीव्हीत. चालू टीव्ही. झालं का सगळ्यांचं?"

इराइदा वहीत भराभर रेघा ओढत होती. तिची वर्तुळं कुठल्या कुठं गेली होती आणि तिला त्याचं दुःख झालेलं दिसत नव्हतं.

"मिस झेल्मा, अर्लीन पायरीवर काय करतेय?"

"माझे केस विंचरतेय."

"म्हणजे खाली तुम्ही. लहान मुलगी. किती सुंदर होईल..."

"वेडी आहेस का तू?" झेल्मा ओरडलीच. "मी जिवंत आहे!"

सगळं तळघर मान डोलवायला लागलं. आमच्याकडं भिंतीवर माणूस येतो तो गेल्यावरच. वळणावरच्या दुकानाच्या भिंतीवर गोळी लागून गेलेली पोरं आहेत, शाळेच्या भिंतीवर मेलेल्या बाई. जिवंत माणसाला रंगवायचं म्हणजे यमाला पत्ता देणं. इराइदाच्या लक्षात आलं.

"मग ती कुणाचे केस विंचरतेय असं दाखवू?"

"कुणाचे नाही. जागा रिकामी ठेव."

इराइदानं भिंतीचे फोटो घेतले, पायऱ्यांची मापं घेतली, मग गिलावा झाला. त्या दिवशी झेल्मा पडदे ओढून आत बसली. भिंत राखाडी झाली, एकजात. बादली मात्र कोरडी राहायला लागली.

अशी चित्रं भिंतीवर चढून रंगवत नाहीत. पातळ कापडाचे चौकोन असतात. चित्रकार त्यावर रेघांचे तुकडे पाडून आकडे घालतो, आकड्यांप्रमाणं रंगांचे पेले भरतो, आणि गल्लीतला जो येईल तो आपला चौकोन रंगवतो. मग भिंतीला कागद डकवावा तसे ते वर डकवतात. कुठला तुकडा कशाचा ते रंगवणाऱ्याला कळत नाही. चौकोन रंगवायचा तो दिवस म्हणजे जत्राच. तळघरात टेबलं मांडलेली, गाणी लावलेली, पाद्रीबाबांच्या बाहीला जांभळा रंग.

झेल्माच्या वाट्याला आला तो सगळा तपकिरीच. गडद, फिका, लालसर, मधासारखा.

"मला काय रताळं दिलंस?" ती करवादली.

"रंगवा तर," इराइदा म्हणाली.

झेल्मानं चष्मा नाकाच्या शेंड्यावर आणला आणि कामाला लागली. रेघेच्या बाहेर गेली, पुसलं, पुन्हा भरलं. शेजारच्या रूफसनं गरुडाचं बूड रंगवलं आणि ते शेपूट आहे असं समजून खूश झाला. पार दुपार गेली. शेवटी झेल्मा पाठ सरळ करायला उठली, दोन पावलं मागं सरकली, आणि तिथंच थबकली.

टेबलावर अर्लीनचा हात होता. जाड पेरं, इस्त्रीनं भाजलेला अंगठा, करंगळी थोडी वाकडी. कंगवा धरलेला. झेल्मानं पाहिलेला, ओळखीचा, टोला मारणारा हात.

तिनं इराइदाकडं पाहिलं. इराइदा दुसऱ्या टेबलावर कुणाचा तरी पेला भरण्यात फारच गुंतली होती.

झेल्मा पुन्हा खाली बसली. अंगठ्याच्या डागावरचा रंग थोडा राहिला होता. तो तिनं अगदी हळू, श्वास धरून, पुरा केला.

*

पानगळीच्या सुरुवातीला चित्राचं उद्घाटन झालं. कुणी नगरसेवक आला, कलेनं समाज कसा जोडला जातो यावर बोलला आणि अर्लीनचं नाव चुकीचं घेतलं. गल्लीनं एका सुरात दुरुस्त केलं. गायकवृंद गायला, मासे तळले गेले, न्हाव्यानं येणाऱ्या-जाणाऱ्याला टीव्हीतला खेळाडू दाखवला.

लोक पाडलेल्या घराच्या मोकळ्या जागेत उभे राहून बघत होते. समोर अख्खं घर, जेवढं होतं तेवढं. आणि जिन्यावर अर्लीन, पाच फुटांची, बाजूनं दिसणारी, ओठ घट्ट मिटलेले, दोन्ही हात पुढं. एका हातात कंगवा. हातांखाली कुणी नाही.

"कुणाचे केस विंचरतेय ती?" लोक विचारत होते. ज्यांना माहीत होतं ते सांगत नव्हते.

संध्याकाळ व्हायला आली तशी खुर्च्या उचलल्या गेल्या, गल्ली रिकामी झाली. रूफस शेवटचं टेबल घेऊन निघाला तेव्हा झेल्मा घरातून बाहेर येताना त्याला दिसली. हातात स्वयंपाकघरातलं बुटकं स्टूल होतं. तो तोंड फिरवून चालू लागला.

झेल्मानं स्टूल भिंतीला लावून ठेवलं, तिसऱ्या पायरीच्या खाली. डोक्यावरची चर्चची टोपी काढली, मांडीवर ठेवली. गुडघे धरत धरत, कडेनं, खांदा भिंतीला टेकवून बसली. जरा पुढं सरकली, जरा मागं. डोकं बरोबर त्या दोन हातांखाली आलं.

गिलावा दिवसभराच्या उन्हानं अजून कोमट होता. तिनं डोळे मिटले. पांढरे झालेले केस, तेही विरळ, आता वेणी घालण्याजोगं त्यात काही उरलं नव्हतं. ती थोडा वेळ तशीच बसली, मान जराशी मागं टाकून, हलायचं नाही म्हणून न हलता.

मग आठ वर्षांनी ती आपल्या बहिणीशी बोलली.

"हळू ओढ गं, अर्लीन."